ओढ्यावरचा झाडबेडूक आणि काकूंचा कूलर

चार नागपूरकर बसले की राजकारण निघतं, नाहीतर सावजीचा रस्सा. आमच्या मॉर्निंग वॉकच्या ग्रुपमधे मात्र बेडूक निघतो. दोष वानखडे सरांचा. जन्मभर कॉलेजात प्राणिशास्त्र शिकवलं, रिटायर झाले आणि विद्यार्थी म्हणून आम्ही सापडलो. किस्से साठणारच!

*

कॉलनीमागच्या ओढ्यावर, करंजाच्या फांदीला पांढरा फेस लटकलेला. सर हरखले. "झाडबेडकाची अंडी आहेत यात. पिल्लं इथून खाली पाण्यात टपकतात."

ग्रुपमधले ढोबळे म्हणाले, "सर, आमच्या वॉशिंग मशिनचा फेस असंल."

ओढ्याचं पाणी बघता कुणालाच ते अशक्य वाटलं नाही.

*

मग ओढ्याचं सुशोभीकरण ठरलं. म्हणजे झाडं साफ, तळ आणि काठ सिमेंटचे. सर कासावीस. अंडी घालायला जागाच उरणार नव्हती. आम्ही महापालिकेला निवेदन दिलं, तर तिथले इंजिनिअर साहेब भर दुपारी पाहणीला हजर.

"दाखवा बेडूक."

बेडूक खोडाला चिकटून झोपलेला, रंग सालीचाच. सर बोट दाखवत राहिले, साहेबांना साल दिसत राहिली.

शेवटी साहेब म्हणाले, "ऑफिस टायमात जो हजर नाही, त्याच्यासाठी काम कसं थांबवू?"

*

त्याच आठवड्यात सरांच्या कूलरमधे एक झाडबेडूक येऊन बसला. सरांनी कूलर बंद केला. नागपूरचा उकाडा, सरांची बायको म्हणजे आमच्या काकू भडकल्या.

"अवो, मी घामानं भिजून राहिली न!"

"अवं, त्याची कातडी नाजूक असते."

"अन् माही? सोडून या त्याले ओढ्यावर. घर आहे न त्याचं तिथं."

सर त्याला सुपलीत घेऊन गेले.

*

पुढच्या पावसाळ्यापर्यंत ओढा सिमेंटचा झाला. काठावर हसऱ्या बेडकाचं चित्रही काढलं. सर वॉकला त्या बाजूनं येईनासे झाले, आणि आम्हालाही तिकडे जाववेना.

उद्घाटनाचं आमंत्रण द्यायला इंजिनिअर साहेब स्वतः सरांकडे आले. मीही होतो. कूलर बंद, त्याच्या गवताला आतून पांढरा फेस. साहेब घामानं निथळत होते. त्यांनी बटणाकडे हात नेला.

"हात नका लावू," काकू चहा ठेवत म्हणाल्या. "आत बाळंतीण आहे."

साहेबांनी हात मागे घेतला.

"पोरगी बाळंतपणाले माहेरी जाते, साहेब. हिचं माहेर तुमी बुजवलं. मंग आली माह्याकडं."