वसुधाताई आणि कुंपणापलीकडच्या ग्रेसबाई

वसुधाताईंची आणि माझी पहिली ओळख कॅनडातल्या स्कारबरोच्या वाचनालयात झाली, तीही त्यांनी मला दटावल्यामुळे. मी नुकताच या देशात आलो होतो. नोकरी नव्हती, बाहेर बर्फ होता आणि वाचनालयात ऊब होती. पुस्तक समोर उघडं ठेवून मी चक्क झोपलो होतो. साडीवर जाड स्वेटर घातलेल्या एक बाई जवळ आल्या आणि शुद्ध मराठीत म्हणाल्या, "झोपायला हरकत नाही, पण घोरणं जरा आवरा. पलीकडे मुलांची गोष्ट चालली आहे." मी मराठी आहे हे त्यांनी कसं ओळखलं? माझ्या पायाशी सांगलीच्या एका कापडदुकानाची पिशवी होती. त्या वाचनालयात काम करणाऱ्या या बाईंनी त्याच आठवड्यात माझा बायोडेटा दुरुस्त करून दिला आणि पुढे मला नोकरी लागली.

आज ताईंच्या पंचाहत्तरीनिमित्त निघणाऱ्या या ग्रंथात त्यांच्या कार्याबद्दल मी लिहावं, असं इथल्या मराठी मंडळाने सुचवलं. मी आनंदाने हो म्हणालो. काय लिहायचं ते मात्र ताईंनीच ठरवून टाकलं आहे. त्याबद्दल पुढे येईलच. आधी जे आनंदाने लिहिता येईल ते लिहितो.

नोकरीत असतानाच ताई कम्युनिटी सेंटरमध्ये जपानी शाईचित्रं शिकायला जाऊ लागल्या. एक कुंचला, एक काळी शाई, बाकी सगळं कागदाचं पांढरेपण. या चित्रांनी त्यांना झपाटलं. निवृत्तीनंतर त्या दोनदा जपानला जाऊन आल्या. तिथले डोंगर, धुकं, शेवाळलेल्या बागा त्यांनी मन लावून पाहिल्या, आणि ती नजर घेऊन मराठी मुलांसाठी पुस्तकं काढली. कोकणातली खाडी त्यांनी अशी रंगवली की पानाच्या एका कोपऱ्यात होडी आणि बाकी काही नाही. एका पालकाने मला फोन करून विचारलं होतं, "अर्धं पेज ब्लँक आहे, प्रिंटिंग मिस्टेक आहे का?" ताईंना हे सांगितलं तेव्हा त्या डोळ्यांत पाणी येईपर्यंत हसल्या.

मंडळाच्या वार्षिक अंकाचं संपादनही त्यांच्याकडेच असे. बर्फावरचा माझा एक लेख त्यांनी इतका कापला की उरला एक परिच्छेद. "शुभ्र, धवल, पांढराशुभ्र," त्या मोजून म्हणाल्या, "अहो, बर्फ आहे, वाचकाला ठाऊक आहे." मी दोन दिवस रुसलो होतो. छापून आलेला तो परिच्छेद हे माझं आजवरचं सर्वांत बरं लेखन आहे.

आणि ताईंची माया? माझ्या पत्नीच्या गुडघ्याचं ऑपरेशन झालं त्याच हिवाळ्यात माझी पाठ धरली. ताई सत्तरीच्या उंबरठ्यावर होत्या. ट्रेन बदलत त्या मिल्टनला आमच्या घरी आल्या, थालीपीठाची भाजणी ओट्यावर ठेवली आणि मला काही कळायच्या आत फावडं घेऊन ड्राइव्हवेवरचा बर्फ शोव्हल करायला बाहेर पडल्या. मी खिडकीतून पाहत होतो. शेजारचा माणूस मला काय समजला असेल, हे आठवलं की अजून कानकोंडं व्हायला होतं.

पण खरी लाज पुढेच आहे.

काही वर्षांपूर्वी ताईंचं 'पांढऱ्याची जागा' हे पुस्तक आलं. जपानी चित्रं, बागा आणि निसर्ग यांवरचे लेख, सोबत त्यांची स्वतःची चित्रं. प्रकाशन मंडळातर्फे झालं आणि सूत्रसंचालन माझ्याकडे होतं. विशेष अतिथी म्हणून ताईंच्या शेजारणीला बोलवावं, ही कल्पना ताईंचीच. ग्रेसबाई निवृत्त शिक्षिका, वय ऐंशीच्या पुढे. चेहरा जपानी, आडनाव जपानी, परसात सुरेख कातरलेला मेपल. आणखी काय हवं? आम्ही स्टेजवर कागदाची चेरीची फुलं लावली. शाल आणि नारळ तयार ठेवला. मी माझ्या सर्वोत्तम आवाजात "उगवत्या सूर्याच्या देशातून आलेल्या" अशी त्यांची ओळख करून दिली आणि मग इंग्रजीत विनंती केली, "तुमच्या देशातल्या वसंताबद्दल दोन शब्द सांगा."

ग्रेसबाईंनी माइक घेतला. त्या शांतपणे म्हणाल्या, "माझ्या देशात वसंत उशिरा येतो. माझा जन्म इथलाच, ब्रिटिश कोलंबियातला. मी जपान कधीच पाहिलेला नाही." मग त्यांनी थोडक्यात सांगितलं. वडिलांची मासेमारीची बोट होती. जपानशी युद्ध सुरू झालं तेव्हा त्या लहान होत्या. जपानी वंशाच्या सगळ्यांना सरकारने किनाऱ्यावरून हलवलं. बोट गेली, घर विकलं गेलं. डोंगरातल्या छावणीत फळ्यांच्या खोपटात त्यांचं लहानपण गेलं. युद्ध संपल्यावरही किनाऱ्यावर परतायची मुभा नव्हती, म्हणून हे कुटुंब ओंटारियोत आलं. "डोंगर म्हटलं की मला ते डोंगर आठवतात," एवढं बोलून त्या बसल्या.

आणि आम्ही टाळ्या वाजवल्या! मग ठरल्याप्रमाणे शाल पांघरली. कागदी फुलांखाली कुणीतरी त्यांच्याबरोबर सेल्फीही काढला.

"यू आर फ्रॉम कॅनडा, बट व्हेअर आर यू रिअली फ्रॉम?" हा प्रश्न आम्हाला इथे आयुष्यभर विचारला गेला. त्यावर आम्ही परिसंवाद घेतले, तावातावाने भाषणं केली. आणि आम्ही येण्याच्या कितीतरी आधी या देशातच जन्मलेल्या बाईंना आम्ही तोच प्रश्न शाल-नारळ तयार ठेवून विचारला. लाज वाटते हे म्हणायला सोपं आहे. मला त्या रात्री जेवण गेलं नाही.

दुसऱ्या दिवशी ताई ग्रेसबाईंकडे गेल्या. ग्रेसबाईंनी चहा केला. त्या रागावलेल्या नव्हत्या. एवढंच म्हणाल्या, "तुझी चित्रं चांगली आहेत. पण इतकी वर्षं तू कुंपणापाशी येतेस आणि मला फक्त मेपल कसा कातरायचा तेच विचारतेस."

ताईंनी पुस्तकाची विक्री थांबवली. उरलेल्या प्रती स्वतःच्या बेसमेंटमध्ये नेऊन ठेवल्या. आम्ही वैतागलो. मीच फोन केला, "ताई, एवढं काय त्यात? आपला हेतू काय वाईट होता का?" त्या म्हणाल्या, "विमानाचं तिकीट काढून मी दोनदा जपान पाहायला गेले हो. आणि शेजारच्या घरात काय घडून गेलंय, ते विचारायला मला एक कुंपण ओलांडवलं नाही. रिकाम्या जागेवर मी पुस्तक लिहिते! मला स्वतःचीच शिसारी आली आहे." मी फोन ठेवला. त्यांच्याइतकं स्वच्छ लाजता येणं मला जमलेलं नाही, हे तेव्हा कळलं.

यानंतर ताई दर आठवड्याला ग्रेसबाईंकडे जाऊन बसू लागल्या. वही नाही, रेकॉर्डिंग नाही, प्रश्न नाहीत. "त्यांना वाटेल तेव्हा सांगतील. नाही वाटलं तर तो त्यांचा हक्क," असं त्या म्हणत. अनेक महिने गप्पा हवेच्या आणि गुडघ्यांच्याच झाल्या. मग एकदा ग्रेसबाई आपणहून बोलल्या. छावणीत वडिलांनी नदीवरून दगड आणून दोन खोपटांच्या मधल्या बोळात बाग केली होती. झाडं नव्हती, नुसते दगड आणि त्यांच्याभोवती रेघा ओढलेली माती. ती बाग मागे सोडून यावं लागलं तेव्हा वडील रडले. बोट गेली तेव्हा रडले नव्हते.

त्या बागेचं पुस्तक आता ताई करत आहेत, मराठीत आणि इंग्रजीत. प्रत्येक चित्र आधी ग्रेसबाईंपुढे जातं आणि बहुतेक वेळा परत येतं. पंचाहत्तराव्या वर्षी, नाव झालेल्या कलावंताने, एकेक पान पुन्हा काढावं आणि हूं की चूं करू नये, हे मी जवळून पाहतो आहे.

या ग्रंथाची कल्पना सांगायला आम्ही गेलो तेव्हा ताईंनी अट घातली. "तो प्रकाशनाचा प्रसंग छापणार असाल तरच ग्रंथ काढा. आणि तो तुम्हीच लिहा. माइक तुमच्या हातात होता." मी खूप टाळाटाळ केली. गौरवग्रंथात असलं कोणी लिहितं का, असंही विचारून पाहिलं. शेवटी लिहायला बसलो.

लेख पुरा करण्याआधी मी ग्रेसबाईंना भेटलो आणि माफी मागितली. इतकी वर्षं मी तीही मागितली नव्हती. त्यांनी ती मान हलवून घेतली, फार सोपी करून दिली नाही. निघताना मी म्हणालो, आमच्याकडे अशा लेखाच्या शेवटी दीर्घायुष्य आणि उत्तम आरोग्य चिंततात, तुमच्याकडूनही काही लिहू का?

ग्रेसबाईंनी टेबलावरचं ताईंचं ताजं चित्र जवळ ओढलं आणि बराच वेळ न्याहाळलं.

"दगड जमलेत," त्या म्हणाल्या. "बर्फ अजून चुकतोय. तिला सांगा, ते जमेपर्यंत तिने जगलंच पाहिजे. मीही थांबते."