गोल करून हात वर करणारा सेफेरिनो

सेफेरिनो गिराउदोला आमच्या सान रोमुआल्दो गावात सगळे 'बॅग' म्हणायचे. कारण उघड होतं. गडी एका क्लबात टिकला तर शपथ. आज उत्तरेला डोंगरात, पुढच्या वर्षी दक्षिणेला समुद्रकाठी, मग सीमा ओलांडून थेट बोलिव्हियात. कुठेकुठे खेळलास म्हणून विचारलं की बोटं मोजायला बसायचा आणि हमखास एखादा क्लब विसरायचा. मग शेजारून त्याची आई देल्मिरा आठवण करून द्यायची, "आणि तो मिठागराजवळचा? जिथून खरूज घेऊन आलास?"

मी देल्मिराची शेजारीण, इर्मा. आमच्या डिफेन्सोरेस क्लबाचं कँटीन मी चालवते. सामन्याच्या दिवशी चोरिसो, म्हणजे मसालेदार सॉसेज, भाजायचे, पावात घालून द्यायचे आणि धुरातून मैदानावर नजर ठेवायची. डोळे चुरचुरतात, पण आमचा एकही गोल मी चुकवलेला नाही.

सेफेरिनो उजव्या बाजूचा विंगर. त्याच्याकडे चाल एकच. चेंडू घेऊन यायचं, बचाववाल्यासमोर क्षणभर थांबायचं आणि रेषेला चिकटून बाहेरून निघून जायचं. समोरच्याला माहीत, त्याच्या कोचला माहीत, चोरिसो खाणाऱ्यांना माहीत. तरी दहातल्या सहा वेळा तो निघून जायचाच. दक्षिणेत वारा असा की त्याने मारलेला कॉर्नर परत त्याच्याच पायाशी यायचा, तिथे तो जमिनीलगत पास द्यायला शिकला. बोलिव्हियात, तेवढ्या उंचीवर, पहिल्या सामन्यानंतर भडाभडा ओकला आणि दुसऱ्या सामन्यात दोन गोल केले. मोठं नाव कधी झालं नाही. पण जिथे गेला तिथे लोक अजून विचारतात, तुमचा तो बॅगवाला कसा आहे? हेही काही कमी नाही, असं माझं स्पष्ट मत आहे.

आता त्या रीतीबद्दल सांगते. ज्या क्लबाचा शर्ट कधीकाळी अंगावर घातला, त्याच्यावर गोल केला तर आनंद करायचा नाही. दोन्ही हात वर करायचे, माफ करा म्हणायचं आणि गुपचूप आपल्या जागी जायचं. ज्यांच्याकडे जेवलो त्यांच्या तोंडावर नाचू नये, एवढाच अर्थ. रीत चांगली आहे. पण ती दोन-तीन क्लबांत खेळलेल्या माणसासाठी आहे. सेफेरिनोसारख्याने ती पाळायची म्हटलं तर त्या बापड्याने आनंद करायचा कधी?

आणि हा पठ्ठ्या ती काटेकोर पाळायचा. दुसरे खेळाडू पळवाट काढतात. बाकावरच बसून होतो, ते धरायचं नाही, म्हणतात. सेफेरिनो म्हणायचा, "बाकावर बसलो होतो हे खरं, पण जेवलो होतो ना?" झालं. पुढे पुढे तर कुठल्याही मैदानावर गेला तरी समोर जुनाच कुठला तरी क्लब उभा. कँटीनच्या टीव्हीवर कधीमधी त्याचा सामना लागायचा. गोल झाला की आम्ही खुर्च्या आपटायचो आणि पडद्यावर सेफेरिनो हात वर करून उभा, पोलिसांनी पकडल्यासारखा.

"याला आनंद होतो की नाही गं, इर्मा?" देल्मिरा विचारायची.

"होत असेल. घरी जाऊन करत असेल."

"कुठल्या घरी?" ती म्हणायची.

गावाचा त्याच्यावरचा राग मात्र वेगळाच होता. एकोणीस वर्षांचा असताना तो आमच्याच क्लबाच्या दारात उभा राहिला होता. आमचे अध्यक्ष अबेल, ज्यांना सगळे मानाने 'डॉन अबेल' म्हणतात, तेव्हाही अध्यक्षच होते. बहुतेक ते अध्यक्ष म्हणूनच जन्माला आले. त्यांनी पोराला वरपासून खालपर्यंत पाहिलं आणि म्हणाले, "ही काडी वाऱ्याने उडून जाईल." मग ती काडी उडून गेली ती ओढ्यापलीकडे, पासो ओन्दोत. ते आमचे जन्माचे वैरी. त्यांनी त्याला शर्ट दिला. त्यांच्या कोचची बायको ओदिला, तिने त्याला घरात खोली दिली आणि वर्षभर आपल्या पोरांच्या पंगतीत बसवून जेवू घातलं. त्या वर्षी त्याने आमच्यावरच दोन गोल केले आणि दोन्ही वेळा आमच्या लोकांकडे बघून हात वर केले. लहानपणी आमच्या पोरांच्या संघात खेळला होता ना, म्हणून.

आमच्या लोकांना ते कळायला हवं होतं. कळलं नाही. "नाटक्या!" म्हणून ओरडले. डॉन अबेल म्हणाले, "बघा, चोर स्वतःहून हात वर करतोय." त्यानंतर रोसारियो शहरातल्या एका क्लबाने त्याला उचललं आणि पोरगा गेला. मागे गावात एक शब्द उरला, गद्दार. जवळजवळ वीस वर्षं तो शब्द देल्मिराने बेकरीत ऐकला, चर्चच्या पायरीवर ऐकला. ती उलट बोलली नाही. मी बोलले. भरपूर बोलले.

शेवटी अडतिसाव्या वर्षी, गुडघा कुरकुरायला लागल्यावर, तो परत आला. वाटेत आमच्याच लीगमधल्या जवळजवळ सगळ्याच क्लबांचं पाणी पिऊन आला. डॉन अबेलना म्हणाला, "शेवटचं वर्ष आहे. आपला शर्ट घालून खेळायचंय." उजव्या बाजूला खेळायला दुसरं कुणी नव्हतं, म्हणून डॉन अबेलनी हो म्हटलं. उगाच मोठेपणा द्यायला नको.

आणि खेळला की हो! त्या वर्षी आम्ही जिंकत सुटलो. निम्मे गोल त्याचे, निम्मे त्याच्या पासवर. पण गोल केला की हात वर. ज्या एक-दोन संघांकडून तो कधी खेळला नव्हता, त्यांच्यावर त्याला नेमका गोलच मिळेना, चेंडू खांबाला लागायचा. लोक टाळ्या वाजवायचे, पण हात राखून. आपलं माणूस म्हणून कुणी जवळ घेतलं नाही.

असं करत लीगचा शेवटचा रविवार आला. सामना आमच्या मैदानावर, समोर पासो ओन्दो. त्यांना बरोबरी पुरेशी होती, आम्हाला जिंकायलाच हवं होतं. जिंकलो तर क्लब पहिल्यांदाच वरच्या स्पर्धेत जाणार होता.

गुरुवारी संध्याकाळी सरावानंतर डॉन अबेल कँटीनमध्ये आले. सेफेरिनो गुडघ्यावर बर्फ धरून बसला होता, मी शेगडी घासत होते.

"रविवारी गोल केलास तर ओरडायचं," डॉन अबेल म्हणाले. "आपल्या स्टँडसमोर जाऊन. शर्ट काढून."

"त्यांच्यावर केला तर नाही जमायचं, डॉन अबेल."

"का? कुठला करार सही करून दिलायस?"

"ओदिलाबाई येते सामन्याला. म्हातारी झालीय, तरी येते. तिच्यासमोर नाचू?"

"मग गाव तुला कधी आपला म्हणणार नाही, सांगून ठेवतो."

"आत्तापर्यंत तरी कुठे म्हणतंय?" सेफेरिनो हसून म्हणाला. पण हसू ओठांवरच राहिलं.

डॉन अबेल दार आपटून गेले. मग मी तोंड उघडलं. "तुझं ते पोलिसांनी पकडलेलं ध्यान बघून बघून कंटाळा आलाय मला. एक दिवस ओरडलास तर आभाळ कोसळणार नाही. आईकडे बघ जरा."

"मावशी, गावाने जवळ घ्यावं असं मला वाटत नाही का?" तो म्हणाला. "त्यासाठीच तर आलोय. पण एकाचं अन्न विसरून दुसऱ्याचा व्हायचं, तर मग मी खरंच गद्दार."

मी शेगडी घासत राहिले. अशा माणसाशी भांडायचं तरी कसं?

रविवारी झाडून सगळं गाव मैदानावर होतं. देल्मिरा घरून आणलेल्या खुर्चीवर माझ्या शेगडीशेजारी बसली होती. पलीकडच्या बाजूला पासो ओन्दोवाले ढोल बडवत होते. पहिला हाफ नुसता धक्काबुक्कीत गेला. दुसऱ्या हाफमध्ये आमचे दोन फटके त्यांच्या गोलकीपरने अडवले. वेळ संपत आली तरी शून्य-शून्य. लोक मला सोडून देवाला शिव्या द्यायला लागले होते, एरवी त्या चोरिसो उशिरा दिल्याबद्दल मला मिळतात.

तेवढ्यात चेंडू उजवीकडे सेफेरिनोकडे आला. तो आला, थांबला. समोरचा पोरगा त्याच्या अर्ध्या वयाचा, पण त्यालाही माहीत होतं काय होणार ते. सेफेरिनो बाहेरून गेला. सगळ्यांना वाटलं, आता पास देणार. त्याने मान वर केली आणि सरळ मारला. गोलकीपरच्या हाताखालून चेंडू आत!

मी हातातला चिमटा कुठे फेकला ते आजही ठाऊक नाही. सगळं गाव कुंपणाच्या जाळीवर चढलं. आणि सेफेरिनो? दोन्ही हात वर करून ओदिलाबाईच्या दिशेला उभा.

"अरे ओरड की मेल्या!" मी किंचाळले. माझ्यामागून कुणीतरी वीस वर्षं जुना तो शब्द पुन्हा काढला. देल्मिराने खाली मान घातली.

तो ओरडणार नाही हे आमच्या खेळाडूंना माहीतच होतं, म्हणून त्यांनी त्याची वाट पाहिली नाही. बाकीचे दहाच्या दहा जण जाळीतलं फाटक उघडून मैदानाबाहेर, लोकांच्या गर्दीत घुसले. आमचा गोलकीपर तातोसुद्धा! अख्खं मैदान पळत पार करून गेला आणि कुणाच्या तरी खांद्यावर चढला. आमच्या गावाला गोल साजरा करायला उत्तम येतं. सामना अजून बाकी आहे हे मात्र लक्षात राहत नाही.

रेफरीने शिट्टी मारली. पुन्हा मारली. घड्याळ पाहिलं. त्याला बस गाठायची होती, असं डॉन अबेल अजून सांगतात. आमच्या हाफमध्ये परत आलेला माणूस एकच होता, गोल करूनही आनंद न करणारा. रेफरीने खेळ सुरू करायची खूण केली आणि पासो ओन्दोच्या दहा नंबरने सेंटरवरूनच आमच्या रिकाम्या गोलच्या दिशेने चेंडू उंच उडवला.

आमचा आवाज एका क्षणात बंद झाला. त्यांचा ढोलही थांबला. चेंडू उंच गेला, खाली आला, कडक जमिनीवर टप्पा घेऊन गोलच्या दिशेने निघाला. आणि त्याच्यामागे सेफेरिनो! हा माणूस बचावाला मागे धावत नाही म्हणून पाच प्रांतांतल्या कोचांनी घसे बसवून घेतले होते. तो धावला. कुरकुरणारा गुडघा घेऊन, तोंड वाकडं करून, आडवातिडवा धावला. चेंडूने दुसरा टप्पा घेतला. "पळ रे माझ्या राजा!" हे कोण ओरडलं म्हणून मी बघितलं, तर देल्मिरा खुर्चीवर उभी होती. चेंडू रेषेवर पोहोचला आणि सेफेरिनोने अंग झोकून दिलं. त्याच्या बुटाचं टोक लागलं. चेंडू खांबाला घासून बाहेर गेला.

क्षणभर तो गोलच्या जाळीत अडकून तसाच पडून राहिला. मला वाटलं गुडघा गेला. मग तो उठला, अंगातला शर्ट ओढून काढला आणि धावत सुटला. आमच्या स्टँडकडे. तोंड उघडलं आणि असा ओरडला, असा ओरडला, की मला वाटलं आता याची छाती फुटणार. कुठल्या कुठल्या मैदानांवर गिळलेलं सगळं त्या एका आरोळीत बाहेर पडलं. लोक कुंपणातून हात घालून त्याला ओढत होते. ज्याने मघाशी तो शब्द काढला होता, तोच त्याच्या डोक्याचे मुके घेत होता.

डॉन अबेल धापा टाकत पोहोचले. "अरे, आणि ती तुझी रीत?"

"रीत गोल करण्याची आहे, डॉन अबेल!" सेफेरिनो रडत-हसत ओरडला. "गोल अडवला तर गप्प बसायचं, असं कुणी सांगितलंय?"

शर्ट काढला म्हणून रेफरीने पिवळं कार्ड दाखवलं. सेफेरिनोने रेफरीलाच मिठी मारली. मग पासो ओन्दोचा कॉर्नर झाला, एव्हाना परत आलेल्या तातोने तो लाजेकाजेस्तव दोन्ही मुठींनी बाहेर फेकला आणि शेवटची शिट्टी वाजली. आम्ही वर गेलो होतो! पलीकडे ओदिलाबाई उभी राहून टाळ्या वाजवत होती आणि आजूबाजूचे तिला खाली बसवायला बघत होते. ती काही बसली नाही.

गावाने सेफेरिनोला खांद्यावर घेतलं. पोरं, म्हातारे, बेकरीवाली, सगळे. तो वरून अजून ओरडतच होता, आवाज पार चिरकला होता. मी तोवर ढसाढसा रडून घेतलं होतं आणि धुराचं निमित्त पुढे केलं होतं. चोरिसो सगळे कोळसा झाले, होऊ देत.

देल्मिराला हात धरून मी खुर्चीवरून खाली उतरवलं.

"किती मोठ्ठ्याने ओरडतो गं हा," ती म्हणाली.

"तुझंच पोर आहे, देल्मिरा. आवाज असणारच."

"माझं आहे ते मला माहितीय," खांद्यावरच्या लेकावरून नजर न काढता ती म्हणाली. "आता यांनाही कळलं."