वामनरावांचा निनावी पतंग

शेतकी खात्याच्या किड्यांच्या कचेरीत नोकरी केली की किस्से जमवावे लागत नाहीत, धान्यात सोंडे होतात तसे आपोआप होतात! आमच्या अमरावतीच्या कचेरीतले किस्से मात्र सगळे एकाच पतंगापाशी येतात. आठवले की हसू येतं, पण अर्धंच.

तांदळाच्या दाण्याएवढा जीव. राखी पंख, दोन पांढरे ठिपके, कडेला बारीक झालर. आमचे हेडअसिस्टंट वामनराव यांना तो तिवशाजवळ गंगूबाई माळणीच्या बांधावर, झुडपांत सापडला. दुसरीकडे दोन वर्षं शोधूनही मिळाला नाही. कुठल्या पुस्तकातही नव्हता. त्याला नाव मिळावं आणि त्या नावामागे आपलं नाव लागावं, एवढीच त्यांची इच्छा. रिटायर व्हायला एक वर्ष उरलेलं!

*

अकोल्याच्या प्रदर्शनात त्यांनी तो काचेखाली मांडला. कापसाच्या एका व्यापाऱ्यानं विचारलं, "हे पाखरू कापूस खाते का?"

"नाही."

"मंग याले काहून पकडून राहिले तुमी?"

वामनराव दिवसभर काच पुसत राहिले.

*

आमचं खरं काम पत्रकं वाटण्याचं. 'कीड बांधावर लपते. झुडपं उपटा, जाळा.' खाली वामनरावांची सही. कोणी ऐकलं तर शपथ! नांदगाव खंडेश्वरचा एक शेतकरी म्हणाला, "कागद लय कामाचा हाये, साहेब. चिलीम मस्त पेटते!"

*

शेवटी नाव ठरवून घ्यायला सहा पतंग विलायतेच्या म्युझियमला पाठवायचे ठरले. पार्सल बांधण्याआधी गणपत चपराशानं पंखांवरची 'धूळ' मऊ ब्रशानं झाडून काढली. रंग, ठिपके, सगळं त्या धुळीतच असतं!

"विलायतेले मळके कसे पाठवाचे, साहेब?"

वामनराव रागावलेसुद्धा नाहीत. तसेच पाठवले.

*

आठ महिन्यांनी उत्तर आलं. पंख कोरे असल्यानं शिरा स्पष्ट दिसतात, त्यांची ठेवण निराळी आहे, जात नवी वाटते. ठिपकेवाले ताजे नमुने पाठवा, नाव देऊ!

वामनरावांनी पत्र तीनदा वाचलं. गणपतला पेढा दिला. आम्ही जाळी घेऊन तिवसा गाठलं.

बांध लख्ख होता. या टोकापासून त्या टोकापर्यंत नुसती राख.

गंगूबाई हसत पुढे आली. "तुमचा कागद मास्तरकडून वाचून घेतला, साहेब. एक झुडूप ठेवलं नाई!"

वामनरावांनी बुटानं राख जरा उकरून पाहिली. मग जाळी माझ्या हातात दिली आणि तिला म्हणाले, "बेस केलं, बाई. इतक्या वर्षांत आमचं ऐकणाऱ्या तुमीच पयल्या!"