डोंगरावरून आलेली लोकर

फोन बरोबर दहाला वाजला, नेहमीच्याच वेळेला. मी मेथी निवडत बसले होते. उचलल्या उचलल्या तोंड सोडलं, "काल काहून केला न्हाईस गं? दोन घंटे मांडीवर फोन घेऊन बसले मी!" पण पडद्यावर आक्का नव्हती. तिचा मुलगा मारोती होता, कानांना मफलर गुंडाळलेला, मागं अंगणातल्या दिव्याच्या उजेडात सगळं पांढरं बर्फ. त्यानं कानावरचा मफलर सोडला. मग म्हणाला, "मावशी... आई गेली." मी विचारलं, "कुठं गेली?" खरंच विचारलं हो मी तसं. आक्का सदानकदा कुठंतरी निघालेलीच असायची, त्यामुळं माझ्या डोक्यात दुसरं काही आलंच नाही. "काल मेंढरांकडं निघाली व्हती," मारोती म्हणाला, "दारातच खाली बसली, आन..." पुढचं मला ऐकू आलं नाही. मेथी तशीच दोन दिवस परातीत पडून सुकली.

आता सात आठवडे झालेत. लोक म्हणतात, हळूहळू मन शांत होतं. माझं होत नाही. दहा वाजले की हात कामातून निघतो आणि फोनकडं जातो. मग मी उठते, पुढच्या खोलीत जाते, परत येते. शेजारीण म्हणते, "बाई, जरा टेका की." कशी टेकू? एक गोष्ट आहे जी मी कुणाला सांगितली नाही, आणि ती सांगितल्याशिवाय मला बसवणार नाही. म्हणून हे लिहिते आहे.

आमचं घर मेंढरांचं. सेनगाव तालुक्यात गोरेगावच्या पलीकडं आमचा तांबूस मुरमाड माळ, त्यावर दोन खोल्या आणि पुढं मेंढरं कोंडायचं वाडगं. आम्ही दोघी बहिणी, मध्ये पाच वर्षांचं अंतर. मला शाळेची ओढ होती, पण मेंढरांमागं जायची पाळी दोघींचीही असायची. आक्का आईला म्हणाली, "शांतीची पाळी मी करते. तिला जाऊ द्या साळंत." एवढ्या एका वाक्यावर मी मास्तरीण झाले, हिंगोलीत दोन खोल्यांचं घर बांधलं, पेन्शन घेते. आक्का मात्र पायतान झिजवत राहिली. चालता चालता तिच्या हातात टकळी फिरत असायची, लोकर कातली जायची, तोंडानं मेंढरांना शिव्या चालू. बसून तिनं काही केलेलं मला आठवत नाही, जेवणसुद्धा उभ्यानं. आम्ही दोघी एकाच घोंगडीखाली झोपायचो. मला झोपेत पांघरूण ओढून घ्यायची खोड. सकाळी आक्का उघडी, अंग चोरून पडलेली. "रांडे, सगळी घोंगडी तुलाच लागती व्हय गं?" म्हणून पाठीत धपाटा घालायची, आणि रात्री परत त्याच घोंगडीत मला घ्यायची.

दाजी वारले तेव्हा मारोतीला परदेशी जाऊन सहा वर्षं झाली होती. पोरगं दुग्धव्यवसायाचा कोर्स करून कुठल्याशा ओळखीनं इटलीत गेलं, तिथल्या एका डोंगरावर मेंढरांच्या शेतावर लागलं. मालक म्हातारा, एकटा. मग मारोतीनं बायकोलाही नेलं. पाहुणेमंडळी हसली होती, इथली मेंढरं सोडून तिकडची मेंढरं राखायला एवढं इमानात बसून गेला म्हणून. दाजींच्या तेराव्यानंतर आक्का माझ्याकडं हिंगोलीला आली. दोन दिवस राहिली. तिसऱ्या दिवशी माझी भांडी घासता घासता, पाठ माझ्याकडं करून म्हणाली, "शांते, तुझ्याकडंच राहू का आता?"

मी काय बोलले ते शब्दानं शब्द आठवतं. "इथं दोन खोल्यांत तुला करमंल व्हय आक्का? मेंढरं कुठं बांधशील, गच्चीवर? पोरगं बोलवून राहिलंय, त्याच्याकडं जा. डोंगर हाय, मेंढरं हायेत, तुला पाहिजे ते सगळं हाय." फार शहाणपणानं बोलले. मास्तरीण ना मी! खरं कारण वेगळंच होतं. मला एकटीची सवय झाली होती. चार वाजता उठून ती बादल्या वाजवायची, गल्लीतल्या प्रत्येकाला दारातूनच हाक मारायची, तिच्या लुगड्याला लोकरीचा वास यायचा, आणि मला त्याची लाज वाटायची. हे मी आज पहिल्यांदा लिहिते आहे. आक्कानं "बरं" म्हटलं, परात पालथी घातली, आणि पुन्हा तो विषय काढला नाही.

पासपोर्टाला गेलो तर मशीनवर तिच्या बोटांचे ठसे उमटेनात. जन्मभर दोर आणि लोकर ओढून बोटं गुळगुळीत झालेली. तिथला साहेब वैतागला. आक्का त्याला म्हणाली, "साहेब, अंगठा न्हाई उठत तं मला इथंच ऱ्हाऊ द्या की, माझी काय तकलीफ न्हाई." आणि माझ्याकडं बघितलं. मी तिचा हात धरून परत परत काचेवर दाबत होते. पाचव्यांदा ठसा उठला. जाताना म्हणाली, "करमलं न्हाई तं येईन." मी म्हणाले, "ये की." म्हणायला काय जातं!

तिकडं गेल्यावर रोज फोन. इकडं दहा वाजायचे तेव्हा तिकडं पहाट. ती फोन घेऊन अंगणात फिरायची, त्यामुळं मला कधी आभाळ दिसायचं, कधी तिचे रबरी बूट. "माणूसच न्हाई गं इथं," ती सांगायची, "नुसता डोंगर. खाली गाव हाय, तिथं जायला एक घंटा. बर्फ पडलं की रस्ताच बंद." मेंढरं तिला पसंत पडली, पण तारेच्या कुंपणातली मेंढरं राखायची तरी काय? कुत्री राखतात, तारा राखतात. तिला काम पुरेना. कातरणीच्या वेळी तर ती पार भडकली. तिकडं म्हणे लोकर कुणी घेत नाही, सरळ पोत्यात भरून फेकून देतात. "फेकून! शांते, लोकर गं! ह्यांच्या हाताला काय झालंय?" तिनं सगळी पोती ओढून कोठीत रचली आणि मारोतीकडून लाकडाची टकळी करून घेतली. तेव्हापासून फोनवर बोलतानाही तिचा दुसरा हात फिरत असायचा.

आणि मग तिनं एक घोळ घातला. आमच्याकडं पीक निघालं की शेतकरी मेंढरं बसवायला बोलावतो. रात्रभर कळप रानात बसला की लेंड्यांचं खत पडतं, आणि सकाळी रानमालक त्याच्या बदल्यात टोपल्यात ज्वारी घालतो. ह्यात बोलावण्याचीही वाट बघायची नसते, ओळखीचं रान असलं की आपलं बसवून द्यायचं. तिकडं शेजारी एक म्हातारी एकटी राहायची, तिच्या गवताच्या रानाचा कस पार उतरलेला. आक्काला तिची दया आली. मारोती बायकोला घेऊन खाली गावात गेला होता. आक्कानं कुंपणाची जाळी उपसली, म्हातारीच्या रानात ठोकली आणि दोनशे मेंढरं रात्रभर तिथं बसवली. सकाळी म्हातारी हातात काठी घेऊन बोंबलत आली, आणि आक्का काय करून राहिली असंल? टोपलं घेऊन पुढं झाली! तिला वाटलं, बाई ज्वारी घालायला आली. म्हातारी ओरडतेय, आक्का टोपलं पुढं करतेय. मारोती येऊन पाया पडला तेव्हा कुठं मिटलं. मालकानंही त्याला लई सुनावलं. मला सांगताना आक्काच्या डोळ्यांत पाणी होतं. "मी चांगलं करून राहिले व्हते गं. ह्या लोकांला चांगलंबी सांगून करावं लागतं."

पुढच्या उन्हाळ्यात म्हातारीच्या त्या तुकड्यात गवत मांडीएवढं आलं, बाकीच्या रानात गुडघ्याएवढं. कापणी झाली आणि एक दिवस म्हातारी आपणहून वर आली. काखेत टोपलं, टोपल्यात बटाटे. एक बोट मेंढरांकडं, एक बोट तिच्या रानाकडं. आक्कानं फोन फिरवून मला ते टोपलं दाखवलं. "बघ! आली का न्हाई बराबर?" एवढी खूश मी तिला दाजी गेल्यापासून पाहिली नव्हती. मला सुटल्यासारखं झालं. म्हटलं, रमली बाई एकदाची, आपलं चुकलं नाही.

पण गेल्या थंडीत ती एक वेगळंच विचारायला लागली. "तुझ्या पुढच्या खोलीत काय ठेवलंस गं?" मी म्हणाले, "काय ठेवणार, पेपरची रद्दी, जुनी शिलाई मशीन." आठ दिवसांनी परत. "ती रद्दी काढलीस का?" मी चिडले. "तुला काय करायचंय माझ्या रद्दीचं?" ती हसली, टकळीला गरका दिला आणि बर्फाचं सांगत बसली. एवढी शिकलेली मी. पोरांना अवघड गणितं सोडवून दिली जन्मभर. पण माझी बहीण मला परत एकदा तेच विचारते आहे, हे मला ती गेल्यावर कळलं.

मारोती अस्थी घेऊन आला. कयाधू नदीत सोडल्या. घरी येऊन त्यानं एक गोणपाटाची पिशवी माझ्यापुढं ठेवली, आत लोकरीच्या सुताचे गुंडे, पांढरे, मऊ. म्हणाला, "मावशी, आई उन्हाळ्यात तुझ्याकडं येणार व्हती, कायमचीच. मी म्हणलं, मावशीला इचारलंस का? तं म्हणली, आता इचारणार न्हाई, जाऊनच बसते. हाकलून देती का बघू." मी पदर तोंडात कोंबला. "आन हे घोंगडीचं हाय. आईनं सांगितलं व्हतं, रुंद विणाया सांग. म्हणली, शांती झोपंत पांघरूण वढती."

गोरेगावला एक म्हातारे अजून घोंगड्या विणतात. त्यांनी सूत बोटांत चोळून बघितलं. "लई मऊ हाय बाई, एकटं टिकायचं न्हाई. आपली काळी लोकर मिसळावी लागंल." मी म्हणाले, "मिसळा. पण रुंद करा, दोन माणसांची." त्यांनी माझ्याकडं एकदा बघितलं आणि सूत तागडीत घातलं.

रद्दी काढली. मशीन देऊन टाकली. पुढच्या खोलीत आता मोठी बाज आहे आणि तिच्यावर ती घोंगडी. लोकरीचा वास येतो खोलीभर, येऊ दे. मी अलीकडच्या कडेला झोपते. झोपताना अर्धी घोंगडी पलीकडं नीट पसरून ठेवते, कोपरा बाजेखाली दाबते, अगदी घट्ट... आणि रोज सकाळी उठून बघते, तर सगळी माझ्याच अंगावर.