इल्लै म्हणजे घर

कंधारजवळच्या आमच्या गावात दगडोबा केंद्रे यांना सगळे 'मद्रासी मामा' म्हणतात. मामांनी मद्रास पाहिलेलं नाही. सिकंदराबादच्या एका लॉजवर त्यांनी अठरा वर्षं मॅनेजरकी केली, तिथं ते तेलुगू शिकले. आणि गावाच्या लेखी सीमेवरच्या धर्माबादच्या पलीकडं जे बोलतात ते सगळं मद्रासी. मामांनी ही समजूत कधी खोडली नाही. मिळालेला किताब परत करायला ते काही मोठे साहित्यिक नव्हते.

यंदा मुक्तिसंग्राम दिनाला शाळेच्या गीतांजली मॅडमना देशभक्तीचा सिनेमा दाखवायचा होता. हिंदीतले सगळे पोरांना पाठ.

"जुना मद्रासी लावा," मामा म्हणाले. "राजा, इंग्रज, किल्ला, फाशी. असला पिक्चर पुन्हा झाला न्हाई."

"पण कळणार कुणाला, मामा?"

"मी कशाला हाय?"

सिनेमा मोबाइलवर सापडला. तो तमिळ निघाला. मामांनी मनाची समजूत घातली, दोन भाषांत फरक असून असून किती असणार? नांदेडच्या आणि लातूरच्या मराठीत असतो तेवढा.

भर दुपारी वर्गाच्या खिडक्यांना ताडपत्री लावून प्रोजेक्टर सुरू झाला. पुढं पोरं, मागं अर्धं गाव, आणि पहिल्या बाकावर मामांच्या बायको कावेरीबाई, ठेवणीतलं लुगडं नेसून. नवऱ्याची विद्या त्या आज पहिल्यांदाच ऐकणार होत्या. मामा माइक धरून उभे राहिले आणि पाचव्या मिनिटाला घामानं भिजले. एक अक्षर कळेना. आता तोंड उघडलं नाही तर सगळं मद्रासीपण जाणार, तेही बायकोदेखत.

तेवढ्यात पडद्यावरच्या इंग्रज साहेबानं किल्ल्याकडं बोट केलं आणि राजा गरजला, "इल्लै!"

मामांच्या जिवात जीव आला. तेलुगूत इल्लु म्हणजे घर.

"साहेब म्हणतो, किल्ला खाली कर. राजा म्हणतो, हे माझं घर हाय!"

टाळ्या पडल्या.

राणीनं जेवणाचं ताट पुढं केलं. राजा म्हणाला, "इल्लै."

"घरचं जेवण म्हणून तारीफ करून राहिला."

बायकांनी माना डोलावल्या. पुढं फितूर सरदार धरला गेला. तो पाय धरून "इल्लै, इल्लै" ओरडला.

"घरी जाऊ द्या म्हणतो, गद्दार!"

शेवटी फाशीच्या दोराखाली साहेबानं दरडावून काहीतरी विचारलं. राजानं छाती काढली. "इल्लै!"

मामांचा आवाज कापरा झाला. "शेवटच्या घडीला बी... घर."

कावेरीबाईंनी पदर डोळ्यांना लावला. मागच्या बाकावर मात्र एक जण पोट धरून हसत होता. बोअर मारायला आलेल्या गाडीवरचा ड्रायव्हर सेल्वम, अस्सल तमिळ माणूस. शेजारी बसलेला केरबा खवळला.

"फाशीला हसतो का बे? इल्लै का मतलब क्या, बोल!"

"नहीं."

"अरे, बोल ना!"

"नहीं! इल्लै, नहीं!"

"बघा," केरबा गावाकडं वळला, "सांगतच न्हाई!"

मामांना मात्र लख्ख कळलं. गप्प बसले असते तर निभावलं असतं. सेल्वमही हात जोडून दाराकडं निघाला होता. पण कावेरीबाई अजून डोळे पुसत होत्या, आणि आपल्या चुकीवर रडणारी बायको मामांना बघवेना.

"केरबा, सोड त्याला. त्यानं सांगितलं," मामा माइकवरच म्हणाले. "इल्लै म्हंजे न्हाई. मला तेलुगू येतं. हे येत न्हाई."

केरबानं बोटांवर गणित मांडलं. "म्हंजे किल्ला दे म्हणल्यावर राजा..."

"न्हाई म्हणला."

"जेवायला?"

"न्हाई."

"आन् फाशीवर?"

"तिथं बी न्हाईच."

"अगं बाई," कावेरीबाई उठल्या, "मग दोन तास नुसतं न्हाई न्हाई ऐकायला आलो का आपण? ते आमच्या घरात रोजचंच हाय. मॅडम, फाशीचं पुन्हा लावा. आन् अहो, तुमी आपलं मघाचंच सांगा."

"लावा, लावा," केरबानं सेल्वमला दारातून ओढून बाकावर बसवलं. "ह्याला बी ऐकू द्या, ह्यांच्या राजानं काय म्हणायला पाहिजे होतं ते."