हो की नाही, एवढंच सांगा

आमचे हे आमदार झाले तेव्हा लोकांना वाटलं, वकिली सुटली. कसली सुटतेय! काळा कोट खुंटीला गेला आणि अंगावर पांढरा झब्बा आला, एवढाच काय तो फरक. निगडीच्या घरी भाजीवाली आली तरी हे तिची उलटतपासणी घ्यायचे. 'मेथी आजची आहे? हो की नाही, एवढंच सांगा.' ती बिचारी पाटी उचलून पुढच्या गल्लीत जायची आणि मी मुकाट्यानं पिठलं करायची.

आमची थोरली दिघीच्या शाळेत शिकवायची. बसच्या रांगेत भेटणारा, कंपनीत कामाला असलेला चऱ्होलीचा एक मुलगा तिच्या मनात भरला होता. ते तिनं फक्त माझ्या कानावर घातलं होतं. 'आई, हे जमलं नाही तर मला दुसरं स्थळ दाखवू नका.' मुलाला वडील नव्हते, म्हणून सुपारी फोडायला त्याला घेऊन त्याचे मामा आले. यांना मी आदल्या दिवशीच बजावलं होतं, 'उद्या तोंडाला कुलूप.'

पोहे होईपर्यंत सगळं छान चाललं. मामा म्हणाले होते, पोरगं परमनंट हाय. चहा पिताना सहज बोलून गेले, पुढल्या महिन्यात कागद हातात पडंल. झालं! हे खुर्चीत ताठ झाले.

'थांबा. मघाशी परमनंट आहे म्हणालात. आज, या घडीला, मुलगा परमनंट आहे? हो की नाही, एवढंच सांगा.'

मामांनी बशी खाली ठेवली, टोपी सारखी केली आणि उठले. 'सायेब, आमी सोयरीक जुळवाया आलोय, साक्ष द्याया न्हाई.'

मागोमाग मुलगाही उठला. स्वयंपाकघराच्या दारात थोरली उभी होती. तिचा चेहरा मला बघवेना. मग मात्र मी पदर खोचला आणि बाहेर आले.

'मामा, जरा थांबा. आता यांची पाळी.' मी यांच्याकडे वळले. 'मला बघायला आलात तेव्हा तुमची वकिली चालत होती?'

'अगं, त्याचं असं आहे की...'

'हो की नाही, एवढंच सांगा.'

'नाही.'

'अंगावरचा कोट तुमचा होता?'

मामा हळूच खुर्चीवर टेकले. 'नाही,' हे पुटपुटले. 'मित्राचा होता.'

'बाह्या बोटांवर येत होत्या. माझ्या वडिलांना कळलं नसेल? त्यांनी विचारलं?'

'नाही.'

'मग काय बघून दिली मला?'

हे खुर्चीत सैल झाले. 'याचं उत्तर हो-नाहीत येत नाही गं,' म्हणाले. मग उठून मामांपुढे हात जोडले. 'चुकलं माझं.'

मामा मोठ्यानं हसले. 'ताई, इलेक्शनला तुमीच हुबं ऱ्हायाचं व्हतं!'

सुपारी फुटली.

लग्न झालं. पाठवणीच्या वेळी हे थोरलीचा हात धरून जावयापुढे उभे राहिले. काहीतरी विचारायचं होतं यांना. ओठ हलत होते, शब्द काही फुटेना. विधानसभेत तास तास बोलणारा माणूस! मला रडू आवरेना. तेवढ्यात मामा पुढे झाले, यांच्या खांद्यावर हात ठेवला आणि म्हणाले, 'व्हय, सायेब. व्हय.'