कुलपातला कापूर

लग्न होऊन मी राहू गावाहून वडगाव रासाईला आले आणि त्याच उन्हाळ्यात सासूबाईंचा कापूर कमी व्हायला लागला. दोन्ही गोष्टी एकदमच घडल्या, हेच माझं दुर्दैव. वस्तीवरच्या देवीच्या आरतीचा मान आमच्या घराकडे होता. नवरात्रात लोक कापूर वाहायचे, तो सासूबाई सांभाळायच्या आणि वर्षभर दर मंगळवारी त्यातूनच आरती व्हायची. आधी तो पितळेच्या फिरकीच्या डब्यात असायचा. डब्याला चीर गेली, म्हणून माझ्या लग्नाच्या धांदलीत त्यांनी सगळ्या वड्या वर्तमानपत्राच्या कागदात गुंडाळून कोनाड्यात ठेवल्या होत्या.

आषाढातल्या एका मंगळवारी पुडी सोडली तर वड्या निम्म्याही राहिल्या नव्हत्या. मी दहावी पास. विज्ञानाच्या पुस्तकात कापूर होता, दोन मार्कांना यायचा. मी तोऱ्यात सांगितलं, "आत्या, कापूर उडून जातो. त्याची वाफ होते."

"पंख फुटल्यात व्हय त्याला?" सासूबाई म्हणाल्या. "आन् वाफ व्हायच्या आदी पाणी व्हावं लागतं. तूप पातळ झालं तर कागदाला डाग पडतो. ह्यो कागद बघ, ठणठणीत कोरडा हाय."

त्यांचं काही चुकत नव्हतं. जन्मभर चुलीपुढे बसलेल्या बाईनं जे जे वितळताना, उकळताना पाहिलं होतं, त्यात मधे पातळ होणं आलंच. काही पदार्थ पातळ न होता थेट हवेत जातात, त्याला संप्लवन म्हणतात, हे मी नुसतं पाठ केलं होतं. शाळेत तो प्रयोग फळ्यावरच उरकला होता. मी 'संप्लवन' म्हणाले, तर सासूबाईंनी शिवी ऐकल्यासारखं माझ्याकडे बघितलं.

त्यात मी नुकतीच माहेरी जाऊन आले होते. त्या हळूच म्हणाल्या, "देवाचं हाय ते, पोरी. मागितलं आसतंस तर न्हाई म्हणले नसते."

माझ्या अंगाची लाही लाही झाली. नवरा रांजणगावला कंपनीत होता. पहाटे कंपनीची बस पकडायची, दुपारी येऊन झोपायचं. त्याला सांगितलं तर म्हणाला, "कापराचं काय एवढं मनावर घेतीस?" जसं काही प्रश्न कापराचा होता! दोन-तीन महिन्यांत सासरी मी देवाघरची चोर ठरले होते आणि साहेबांना झोप येत होती.

श्रावणात सासूबाईंनी नवा कापूर आणला. आरतीपुरता बाहेर ठेवून बाकीचा तसाच कागदात गुंडाळून आपल्या ठेवणीतल्या लुगड्यांत घातला, ट्रंकेला कुलूप लावलं आणि किल्ली कंबरेला खोचली. "घटाच्या दिवशी तुझं आप्पा येतील. त्यांच्या म्होरंच सोडते पुडी. तवा कळंल, कापूर उडतोय का कोन उडवतंय."

म्हणजे कापूर जसाच्या तसा निघाला असता, तर वडिलांसमोर माझी मान कायमची खाली. बोलून बसले होते खरी, पण आता धीर सुटायला लागला. पुस्तकातलं खोटं असलं तर? कापराला खूप दिवस लागत असले तर? दर मंगळवारी आरतीला उभी राहून देवीकडे मी काय मागावं, तर बाई, तुझा कापूर जाऊ दे! दुसऱ्या कुठल्या सुनेनं असलं मागणं मागितलं नसेल.

घटाच्या दिवशी आप्पा सायकलवर आले. चहा झाला आणि सासूबाईंनी ट्रंकेचं झाकण उचललं. वासाचा असा लोट आला, की बाहेर ओसरीवर बसलेले आप्पा आत डोकावून म्हणाले, "वा इहीणबाई! देवळात आल्यावानी वाटतंय!" त्यांना बिचाऱ्यांना कशाचाच पत्ता नव्हता.

सासूबाईंनी पुडी काढली. ती हातातच चपटी झाली. सोडली तर आत कण्या उरल्या होत्या. कागद कोरडा. त्यांनी कुलपाकडे पाहिलं, कुलपातल्या आपल्या किल्लीकडे पाहिलं, मग एक लुगडं उचलून नाकाला लावलं आणि खालीच बसल्या.

मला रडू फुटलं. इतक्या दिवसांनी छाती भरून श्वास घेता आला, तोही कापराचाच.

"काय झालं गं?" आप्पा घाबरले.

"तिला काय न्हाई झालं, पाव्हणं," सासूबाई म्हणाल्या. "तुमची ल्येक खरं बोलत व्हती, मलाच पटंना. लई बोलले मी तिला."

आप्पांना त्यातलं किती कळलं कोण जाणे. त्यांनी खिशातून देवीसाठी आणलेला कापराचा पुडा काढून पुढे केला. सासूबाईंनी तो हातात घेतला नाही. माझ्याकडे बघून म्हणाल्या, "तुझ्या रुखवतातला स्टीलचा फिरकीचा डबा आण. भर त्यात. झाकण तूच लाव, आन् डबाबी तुझ्याकडंच ऱ्हाऊ दे."

मी ते झाकण असं काही आवळलं, की मंगळवारी आरतीच्या वेळी डबा उघडायला नवऱ्याला झोपेतून उठवावं लागलं.